हप्ता परवडतो, पण मुदत परवडते का?

रिझर्व्ह बँकेने २०२५ या एका वर्षात रेपो दर चार वेळा घटवला. वर्षाच्या सुरुवातीला ६.५० टक्के असलेला दर डिसेंबरात ५.२५ टक्क्यांवर आला. दर उतरले की गृहकर्ज विकणाऱ्यांचे फोन वाढतात आणि "भाड्याच्या पैशांत स्वतःचे घर" ही ओळ पुन्हा फलकांवर झळकू लागते. अशा वेळी आपल्या तरुणांशी घरापेक्षा कर्जाबद्दल बोलणे आम्हाला जास्त गरजेचे वाटते.

आपल्या समाजात स्वतःच्या घराची ओढ केवळ हौसेची नाही. भाड्याने घर शोधताना आधी आडनाव विचारले जाते, मग खाणेपिणे विचारले जाते, आणि भिंतीवर बाबासाहेबांचा फोटो लागणार हे कळले की "घर दुसऱ्याला दिले" असे उत्तर येते. हा अनुभव शहरात नोकरीला आलेल्या अनेकांच्या वाट्याला आलेला आहे. त्यामुळे पगार सुरू झाला की पहिला विचार घराचा येतो. तो चुकीचा नाही. पण आपल्यातील बहुतेकांकडे विकायला गावची जमीन नाही आणि डाऊन पेमेंटला वडिलांचा फ्लॅट नाही. घराचा जवळपास सगळा भार कर्जावर येतो. म्हणून कर्जाची खरी किंमत समजून घेण्याची गरज आपल्याला इतरांपेक्षा अधिक आहे.

२५ लाखांचे ५२ लाख कसे होतात

एक साधे उदाहरण घेऊ. घराची किंमत ३० लाख, कर्ज २५ लाख, व्याजदर ८.५ टक्के आणि मुदत २० वर्षे. महिन्याचा हप्ता येतो सुमारे २१,६९६ रुपये. असे २४० हप्ते भरले की एकूण रक्कम होते ५२ लाख ७ हजार. म्हणजे २५ लाखांच्या मुद्दलावर २७ लाखांहून अधिक व्याज.

यात वरचे ५ लाख आपल्या खिशातले. मुद्रांक शुल्क शहरानुसार साधारण ६ ते ७ टक्के, म्हणजे किमान १ लाख ८० हजार. नोंदणी फी ३० हजार. हे दोन्ही खर्च बँक सहसा घराच्या किमतीत धरत नाही, त्यामुळे तेही रोखच उभे करावे लागतात. ३० लाखांचे घर शेवटी ५९ लाखांच्या पुढे जाते. प्रोसेसिंग फी, वकिलाची फी, सोसायटीचे शुल्क, फर्निचर हे अजून धरलेलेच नाही.

आता त्या हप्त्याच्या आत डोकावू. पहिल्या महिन्याच्या २१,६९६ रुपयांपैकी १७,७०८ रुपये व्याजात जातात, मुद्दलातून कमी होतात फक्त ३,९८८. पाच वर्षांत आपण १३ लाखांवर रक्कम भरलेली असते, पण मुद्दल घटते ३ लाखांहूनही कमी. निम्मे मुद्दल फिटायला जवळपास १३ वर्षे १० महिने लागतात. पाच वर्षांनी नोकरी गेली किंवा घर विकावे लागले, तर २२ लाखांचे कर्ज अजून डोक्यावरच असते. यात बँकेची लबाडी नाही, हे चक्रवाढीचे गणित आहे. मात्र घर दाखवायला नेणारा एजंट हे गणित सांगत नाही.

एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली पाहिजे. वीस वर्षांनंतरच्या एका रुपयाची किंमत आजच्याइतकी नसते, पगार वाढतो आणि घरभाडेही वाचते. म्हणून ५२ लाखांचा आकडा पाहून कोणी घर घेऊच नये, असे आम्ही म्हणत नाही. आमचे म्हणणे एवढेच की "हप्ता परवडतो का" हा प्रश्न अपुरा आहे. एकूण किती भरायचे आणि किती वर्षे भरायचे, हे त्याच्याबरोबर विचारले पाहिजे.

मुदत नावाचा सापळा

हप्ता जड वाटतो म्हटले की समोरचा अधिकारी सहज म्हणतो, "मग तीस वर्षे करू या." वरच्याच कर्जाची मुदत ३० वर्षे केली तर हप्ता १९,२२३ रुपये होतो. महिन्याला सुमारे अडीच हजारांचा दिलासा मिळतो. पण एकूण भरणा ६९ लाख २० हजारांवर जातो. म्हणजे त्या अडीच हजारांच्या दिलाशासाठी १७ लाख रुपये जास्तीचे मोजायचे. उलट मुदत १५ वर्षे केली तर हप्ता २४,६१९ रुपये होतो आणि एकूण भरणा ४४ लाख ३१ हजारांत आटोपतो. वीस वर्षांच्या तुलनेत महिन्याला तीन हजारांच्या आत जादा, पण शेवटी पावणेआठ लाखांची बचत.

मुदत कधी कधी आपल्याला न विचारताही वाढते. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५० टक्क्यांवर गेला. समजा, एखाद्याने त्याआधी २५ लाखांचे कर्ज ६.७५ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले होते. हप्ता १९,००९ रुपये. दोन वर्षांनी दर ९.२५ टक्के झाला आणि हप्ता तेवढाच ठेवला, तर त्यातले १८,२९४ रुपये नुसते व्याजात जातात. उरलेली मुदत १८ वर्षांवरून ३५ वर्षांच्याही पुढे जाते. तिशीत घेतलेले कर्ज निवृत्तीनंतरही फिटत नाही. खात्यातून तेवढीच रक्कम कापली जात असल्यामुळे अनेकांना हे कळलेही नाही.

याच अनुभवानंतर ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने नियम केला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, याचा पर्याय कर्जदाराला दिला पाहिजे. दर तीन महिन्यांनी किती मुद्दल फिटले, किती हप्ते उरले आणि दर किती आहे, याचे विवरण दिले पाहिजे. आपल्यापैकी किती जणांनी ते विवरण उघडून पाहिले आहे? ज्यांनी २०२३ पूर्वी कर्ज घेतले, त्यांनी या आठवड्यात एकच काम करावे: आपले किती हप्ते शिल्लक आहेत ते पाहावे.

दर उतरल्याचा फायदाही आपोआप मिळेल असे धरू नका. ऑक्टोबर २०१९ नंतर बँकांनी दिलेली फ्लोटिंग दराची गृहकर्जे रेपोसारख्या बाह्य दराशी जोडलेली असतात आणि तीन महिन्यांतून किमान एकदा दर बदलावाच लागतो. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना हे बंधन नाही. त्या आपला आधारदर स्वतः ठरवतात. जुन्या ग्राहकाला नव्या ग्राहकापेक्षा चढा दर लागत असेल, तर अर्ज करून आणि थोडी फी भरून तो कमी करून घेता येतो, किंवा कर्ज दुसऱ्या बँकेत नेता येते.

पगारपत्रक नसल्याची किंमत

सगळ्यात महाग कर्ज त्यांना मिळते, ज्यांची ऐपत सर्वांत कमी. सफाई कंत्राटदाराकडे राबणारा कामगार, रिक्षाचालक, घरकाम करणारी ताई यांच्याकडे पगारपत्रक नसते. राष्ट्रीयीकृत बँक दारातूनच परत पाठवते. मग छोट्या फायनान्स कंपनीचा दर १३ टक्के धरला तर १५ लाखांच्या कर्जावर वीस वर्षांत सुमारे ४२ लाख १८ हजार भरावे लागतात. तेच कर्ज ८.५ टक्क्यांनी मिळाले असते तर ३१ लाख २४ हजार झाले असते. म्हणजे असंघटित असण्याचा दंड जवळपास ११ लाख रुपये. ही जोखमीची किंमत आहे असे सांगितले जाते. पण ज्यांच्या पिढ्यांना मालमत्ता जमवूच दिली नाही, त्यांच्याकडूनच मालमत्ता नसल्याची किंमत वसूल होते, हे आपण उघडपणे मांडले पाहिजे.

त्यावर विम्याची भर पडते. एक लाखाचा विमा हप्ता कर्जातच मिळवला तर ८.५ टक्क्यांनी वीस वर्षांत तो दोन लाखांच्या पुढे जातो. विमा जरूर असावा, पण कर्ज देणाऱ्याने पुढे केलेलाच घ्यावा असा नियम नाही. साधा मुदत विमा वेगळा घेणे बहुतेक वेळा स्वस्त पडते.

हक्क कागदावर आहेत, वापरले पाहिजेत

१ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासोबत मुख्य तथ्य विवरणपत्र देणे बंधनकारक आहे. त्यात सर्व फी धरून येणारा वार्षिक खर्चाचा खरा दर लिहावा लागतो. हे पत्र कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत हवे, समजावून सांगितलेले हवे, आणि विचार करायला किमान तीन कामकाजाचे दिवस मिळाले पाहिजेत. त्यात नसलेले शुल्क तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही. म्हणून सही करण्यापूर्वी ते मराठीत मागा आणि घरी आणून वाचा.

वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्ज मुदतीआधी फेडल्यास दंड लागत नाही. १ जानेवारी २०२६ पासूनच्या नव्या नियमांनी हे आणखी स्पष्ट केले: पैसे कुठून आणले याची अट नाही आणि ठरावीक काळ थांबण्याचीही अट नाही. वरच्या २५ लाखांच्या कर्जात दरवर्षी बोनसमधून फक्त एक जादा हप्ता मुद्दलात भरला, तर कर्ज सुमारे ३ वर्षे ४ महिने आधी संपते आणि सव्वापाच लाखांच्या आसपास वाचतात. पण त्याआधी क्रेडिट कार्ड, वैयक्तिक कर्ज, सोन्यावरचे कर्ज अशी महाग देणी फेडा आणि सहा महिन्यांच्या खर्चाची शिल्लक बाजूला ठेवा.

कर्ज फिटल्यावर घराची मूळ कागदपत्रे ३० दिवसांत मिळाली पाहिजेत. कर्ज देणाऱ्याच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५ हजार रुपये भरपाई मिळते. तक्रार आधी कर्ज देणाऱ्याकडे करा. दाद लागली नाही तर बँकेविरुद्ध रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे आणि हाउसिंग फायनान्स कंपनीविरुद्ध राष्ट्रीय आवास बँकेकडे जाता येते. घर फक्त स्त्रीच्या नावावर घेतले तर महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे. ३० लाखांवर ते ३० हजार होतात, आणि घराची मालकी स्त्रीकडे येते ही त्याहून मोठी कमाई.

अनणसुख

तथागतांनी अनाथपिंडिकाला गृहस्थाची चार सुखे सांगितली: संपत्ती असण्याचे, तिचा उपभोग घेण्याचे, ऋणमुक्त असण्याचे आणि निर्दोष आचरणाचे. त्यातले तिसरे सुख म्हणजे अनणसुख. अंगुत्तर निकायातच दुसरीकडे दारिद्र्यातून कर्ज, कर्जातून व्याज, व्याजातून तगादा आणि शेवटी बंधन अशी दुःखाची साखळी सांगितली आहे. धम्म गृहस्थाला संपत्ती कमवायला मना करत नाही. आय आणि व्यय यांचा तोल ठेवायला सांगतो. घर मिळणे हे पहिले सुख, पण तिसरे सुख तीस वर्षे लांबणीवर टाकून ते मिळवायचे का, हा विचार घर घेण्याआधी झाला पाहिजे.

बाबासाहेबांनी १९२३ मध्ये रुपयाच्या प्रश्नावर ग्रंथ प्रसिद्ध केला. चलनाचे मूल्य ढळले की त्याचा फटका गरिबाला बसतो, हे ते जाणून होते. त्यांचे अनुयायी म्हणवताना आपल्याला स्वतःच्या कर्जाचा तक्ता वाचता येत नसेल, तर ती उणीव चळवळीने भरून काढायला हवी.

त्यासाठी मोठा निधी लागत नाही. विहारात रविवारच्या वंदनेनंतर महिन्यातून एकदा दोन तास द्या. वस्तीतील बँक कर्मचारी, सीए करणारी मुले आणि वकील यांना बसवा. लोकांनी मंजुरीपत्र आणि कर्जाचे विवरण घेऊन यावे. किती फिटले, किती उरले, दर चढा आहे का, हे एकेकाला सांगा. अर्ज तिथेच लिहून द्या. आणि संघटनांनी दोन मागण्या लावून धराव्यात: हाउसिंग फायनान्स कंपन्यांची कर्जेही बाह्य दराशी जोडा, आणि पगारपत्रक नसलेल्या कामगाराला त्याच्या नियमित बचतीच्या व भाड्याच्या नोंदींवर सरकारी बँकेचे कर्ज द्या.

घराच्या दारावर आपले नाव लागण्यात मोठा सन्मान आहे. त्या घराची मूळ कागदपत्रे लवकरात लवकर आपल्या कपाटात यावीत, यासाठी पहिला हप्ता जाण्याआधीच कागद घेऊन हिशेबाला बसा.