लिलावाच्या अटी आणि बाजारातली भाजीवाली

नगरपालिकेचा लिलाव म्हटला की चर्चा होते ती बोलीच्या आकड्याची. वऱ्हाडात ज्याला हर्रास म्हणतात, तो झाला की दारव्ह्यासारख्या तालुक्याच्या गावी लोक विचारतात: बाजार वसुलीचा ठेका कितीला गेला? गाळा कोणाला सुटला? बोलीआधी ठरलेल्या अटी मात्र दुर्लक्षितच राहतात. त्यांची आठवण होते ती वाद न्यायालयात गेल्यावर.

न्यायालयांनी या बाबतीत काही मोलाची तत्त्वे घालून दिली आहेत. मुंबई विमानतळावरील उपाहारगृहाच्या निविदेत नोंदणीकृत हॉटेलचालकाला किमान पाच वर्षांचा अनुभव हवा, अशी अट होती. पण ती पूर्ण न करणाऱ्याचीच निविदा स्वीकारली गेली. रमणा शेट्टी खटल्यात १९७९ साली सर्वोच्च न्यायालयाने बजावले की, सार्वजनिक संस्थेने घातलेली अट तिच्यावरही बंधनकारक असते; ती एखाद्यासाठी सैल करणे म्हणजे घटनेच्या १४ व्या कलमातील समतेचा भंग होय. तत्त्व ठरले, पण आव्हान उशिरा आल्यामुळे व अन्य कारणांमुळे तो ठेका मात्र रद्द झाला नाही. पुढे १९९६ साली नागपूर सुधार प्रन्यासाच्या भूखंडाबाबत त्याच न्यायालयाने सांगितले की, केवळ सर्वांत वरची बोली लावल्याने हक्क निर्माण होत नाही. ती कायम व्हावी लागते.

ही तत्त्वे नगरपालिकांनाही लागू आहेत. परंतु त्यांची मर्यादाही ओळखली पाहिजे. अटी कोणत्या असाव्यात हे ठरविणे प्रशासनाचे काम आहे, त्यात मनमानी नसेल तर न्यायालय हात घालत नाही, हे १९९४ च्या टाटा सेल्युलर निकालापासून पक्के झाले आहे. न्यायालय पाहते ते बोली लावणाऱ्यांमधील समता. जी बोली लावतच नाही, त्या भाजीवालीचे काय?

ठेकेदार नगरपालिकेला भरतो तो पैसा अखेर बाजारात बसणाऱ्यांकडूनच वसूल होतो. बोली जितकी चढेल तितका जादा वसुलीचा मोह वाढतो. तिजोरीत पडलेल्या रकमेचा अभिमान मिरविणाऱ्यांनी ती कोणाच्या पाटीतून आली हे पाहावे. दुसरीकडे, अवाच्या सवा अनामत रकमेची अट असली की विक्रेत्यांच्या सहकारी संस्थेला लिलावाच्या दारातही उभे राहता येत नाही. अशी अट सर्वांना सारखीच लागू असते, म्हणून ती न्याय्य ठरते काय?

म्हणून अटींचा मसुदा जाहिरातीपूर्वीच मराठीतून लोकांसमोर ठेवावा आणि सभेत त्यावर खुली चर्चा व्हावी. बाजारात ठळक दरफलक, प्रत्येक वसुलीची पावती, जादा वसुली सिद्ध झाल्यास ठेका रद्द आणि विक्रेत्यांच्या संस्थांना पेलेल अशी अनामत, या अटी त्यात असल्याच पाहिजेत. एकदा त्या लिहिल्या गेल्या की त्या मोडणाऱ्याला न्यायालयात खेचता येते. न लिहिलेल्या अटीसाठी मात्र कोणतेही न्यायालय धावून येत नाही. दारव्ह्याच्या नागरिकांनी आपला आग्रह धरावा तो लिलावाच्या दिवशी नव्हे, ठरावाच्या दिवशी.