दाखला शाळेचा, मैत्रीचा नव्हे



दिवाळीच्या सुट्टीनंतर माझ्या चौथीच्या वर्गातल्या एका मुलाने शाळा सोडल्याचा दाखला नेला. वडील चाकणला कंत्राटी कामगार. काम सुटलं, खोली सुटली, शाळाही सुटली. त्याच्या बाकावरचा जोडीदार दोन दिवस डबा न खाता बसला. मी म्हणाले, "अरे, नवीन मित्र मिळतील की!" तो म्हणाला, "मला नवीन नकोय, मॅडम."

त्याच आठवड्यात घरी मुलीसोबत २०१५ चा 'इनसाइड आउट' पाहिला. त्यातली अकरा वर्षांची रायली मिनेसोटा सोडून सॅन फ्रान्सिस्कोला येते. जुन्या मैत्रिणी दुरावतात. घरच्यांना मात्र ती हसरीच हवी असते! शेवटी ती रडते, तेव्हाच आईवडील तिला जवळ घेतात. मला माझं वाक्य आठवलं आणि लाज वाटली. मीही त्या मुलाला रडू दिलं नव्हतं.

आपली मोशी १९९७ साली महापालिकेत आली. इंद्रायणीकाठच्या शेतांच्या जागी टॉवर उभे राहिले. गावठाणातली मुलं नागेश्वर महाराजांच्या देवळाजवळ एकत्र खेळत मोठी झाली. ती मैत्री टिकवावी लागली नाही, ती टिकलीच. आजची मुलं अकरा महिन्यांच्या भाडेकरारावर मैत्री करतात.

काही जण म्हणतात, मुलं चार दिवसांत विसरतात. मला तसं वाटत नाही. मुलं विसरत नाहीत, फक्त बोलायची थांबतात.

शहर बदलणं आपल्या हातात नाही, पण काही गोष्टी नक्कीच आहेत. जाणाऱ्या मुलाला वर्गाने निरोप द्यावा. पालकांनी एकमेकांचे नंबर घ्यावेत. नवं घर चिखली, डुडुळगावला असेल तर महिन्यातून एकदा भेट घडवावी. आणि आपण पत्रलेखन शिकवतोच, तर काल्पनिक मामाला कशाला? खऱ्या मित्रालाच पत्र लिहू द्या.

माझ्या त्या विद्यार्थ्याने असं पत्र लिहिलं. पाकिटावरचा पत्ता त्याने तीनदा तपासला. उत्तर अजून आलेलं नाही. पण रोज डबा खाताना तो विचारतो, "मॅडम, पोस्टमनकाका आले होते का?"

वाट पाहणं हीसुद्धा मैत्रीच आहे. तेवढी तरी आपण मुलांना करू द्यावी, असं मला वाटतं.