वाटेचे मोल, चुलीचे मोल

सह्याद्रीतील एकही जुनी पायवाट हौसेने चालणाऱ्यासाठी तयार झालेली नाही. गुरे रानात नेण्यासाठी, हिरडा वेचण्यासाठी, घाटाखालचा बाजार गाठण्यासाठी, सोयऱ्यांच्या गावी जाण्यासाठी आणि हंडाभर पाण्यासाठी जी पावले पिढ्यान्‌पिढ्या एकाच रेषेत पडत गेली, त्यांच्याखाली गवत उगवायचे थांबले आणि त्या रेषेला लोक वाट म्हणू लागले. आज शुक्रवारी रात्री शेवटची कसारा लोकल पकडून किंवा पुण्या-नाशकाहून मोटारीने निघून जे ट्रेकर डोंगरात येतात, ते याच वाटांवरून चालतात. मात्र त्यांच्या चालण्याला दर असतो आणि माणशी सांगितल्या जाणाऱ्या त्या दरात वाटाड्या, जेवण व गावातील एखाद्या घरचा मुक्काम धरलेला असतो. हा दर दृश्याचा, श्रमाचा की ज्ञानाचा, आणि तो अखेर कोणाच्या पदरी पडतो, हे रतनवाडी ते साम्रद या दोन दिवसांच्या वाटेवर पुरेसे स्पष्ट दिसते.

ही दोन्ही गावे अहिल्यानगर, म्हणजे पूर्वीच्या अहमदनगर, जिल्ह्यातील अकोले तालुक्याच्या पश्चिम टोकाला, घाटमाथ्यावर आहेत. घाटमाथा म्हणजे दख्खनचे पठार संपून कोकणाच्या बाजूला कडे सुटतात ती उंच किनार. समुद्रावरून येणारे ढग प्रथम तिथेच अडतात, आणि म्हणून घाटघर, साम्रद, रतनवाडी या पट्ट्यात पावसाळ्यात धुके आणि पाणी यांखेरीज दिवसेंदिवस काही दिसत नाही. महाराष्ट्रातील सर्वोच्च शिखर कळसूबाई (१६४६ मीटर) येथून जवळ असून, १९८६ पासून हा टापू कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्यात मोडतो. वस्ती मुख्यतः महादेव कोळी समाजाची आणि काही ठिकाणी ठाकरांची आहे. कोळी म्हटल्यावर मासेमारीची कल्पना करणारा वाचक येथे चुकतो, कारण महादेव कोळी हा डोंगरी शेतकरी समाज असून, घाटवाटांची आणि किल्ल्यांची राखण पूर्वी त्याच्या नाईकांकडे असे. इंग्रजी सत्तेविरुद्ध उठाव करून २ मे १८४८ रोजी ठाण्याच्या तुरुंगात फाशी गेलेले राघोजी भांगरे याच तालुक्यातील देवगावचे होते, आणि डोंगरवाटांची जाण हे त्यांच्या उठावाचे मोठे बळ होते.

रतनवाडीतून निघणाऱ्यांची सुरुवात अमृतेश्वराच्या मंदिरापासून होते. मंदिर भूमिज शैलीचे, म्हणजे मुख्य शिखराच्या अंगावर लहान शिखरांच्या प्रतिकृती ओळींनी रचत नेलेल्या पद्धतीचे आहे. त्याच्या मागे उभ्या असलेल्या रतनगडावर प्रवरा नदी उगम पावते आणि गाव ओलांडताच ती भंडारदऱ्याच्या जलाशयात शिरते. १९२६ मध्ये पूर्ण झालेल्या या धरणाचे पाणी कालव्यांतून खालच्या सपाटीवर पोहोचले आणि प्रवरेच्या खोऱ्यात उसाची शेती व तिच्या जोरावर सहकारी साखर कारखानदारी उभी राहिली. उगमाजवळच्या वाड्यांवर मात्र, बेसॉल्टच्या उतरत्या कातळात पाणी धरून राहत नसल्यामुळे, चैत्र-वैशाखात झरे आणि विहिरी तळ गाठतात, आणि भाताची काढणी उरकली की तालुक्याच्या डोंगरी भागातील अनेक कुटुंबे नारायणगाव-आळेफाटा परिसरातील बागायतीत मजुरीला जातात. ट्रेकच्या दराचा विचार या पार्श्वभूमीवर करावा लागतो, कारण या डोंगराने खालच्या मुलखाला आधी पाणी दिले, मग हात दिले आणि आता तो वाट देत आहे.

मंदिरापासून निघालेली वाट प्रवरेचे पात्र ओलांडून सोंडेवर चढते. सोंड म्हणजे मुख्य डोंगरापासून खाली उतरत आलेली लांब धार. तिच्यावरून वर जाताना उताराच्या मध्यावर रानाचा जो आडवा पट्टा लागतो, त्याला पदर म्हणतात. पदरातून हरिश्चंद्रगडाकडे जाणारी वाट वेगळी फुटते, पुढे लोखंडी शिड्या येतात, शिड्यांच्या वर गडाचे दरवाजे आणि माथ्यावर टाकी, म्हणजे कातळात खोदलेले पाण्याचे हौद, दिसतात. गडाच्या टोकाशी नेढे आहे. सुईच्या छिद्रासाठीचा हा शब्द खडकाला आरपार पडलेल्या भोकासाठी वापरला जातो, आणि या नेढ्यात बसले की अलंग, मदन, कुलंग या किल्ल्यांपासून कळसूबाईपर्यंतची रांग नजरेत येते. तेथून त्र्यंबक दरवाजाच्या उंच, कातळकोरीव पायऱ्या उतरून वाट साम्रदकडे वळते. सोंड हत्तीची, पदर लुगड्याचा, नेढे सुईचे: डोंगराला ही नावे देणाऱ्यांनी ती आपल्या घरादारातूनच नेली आहेत.

नावे ठाऊक असणे आणि वाट ठाऊक असणे या दोन गोष्टी वाटाड्याच्या ठायी एकत्र येतात. चरणाऱ्या गुरांनी पाडलेली ढोरवाट पुष्कळदा मुख्य वाटेपेक्षा रुंद आणि मळलेली दिसते, परंतु ती एखाद्या कुरणाशी, पाणवठ्याशी किंवा सरळ कड्याशी जाऊन संपते, आणि धुक्यात चकलेली मंडळी बहुधा तिच्यावरच सापडतात. मोबाइलच्या नकाशावरील रेषा ही कोणीतरी पूर्वी चालून गेल्याची नोंद असते; मागच्या पावसात ढासळलेली दरड तिला ठाऊक नसते. कोणत्या कड्याला आग्या मोहोळ लागले आहे, त्याखालून जाताना अत्तर, धूर आणि आरडाओरड का टाळावी, कोणते टाके पिण्याचे आणि कोणते नाही, ओढा किती चढला की परत फिरावे, हे ज्ञान त्या डोंगरात बारमाही राहणाऱ्याकडेच ताजे असते. महाराष्ट्र शासनाच्या २०२१ च्या साहसी पर्यटन धोरणाने आयोजकांवर नोंदणीची आणि सुरक्षेची बंधने घातली, ती योग्यच आहेत, कारण दोर लावण्याचे किंवा हाड मोडलेल्या माणसाला हलवण्याचे शिक्षण वाटाड्याला जन्माने मिळत नाही. पण प्रमाणपत्र असलेल्या शहरी म्होरक्यालाही ढोरवाट जन्माने ओळखता येत नाही. दोन्ही ज्ञाने सारखीच लागतात, तरी बोलीत म्होरक्याला ‘लीडर’ आणि वाटाड्याला ‘लोकल’ म्हणतात, आणि मोबदल्यातील अंतर या दोन शब्दांतच ठरून गेलेले असते.

साम्रदसारख्या गावातील मुक्काम ज्या घरात होतो, त्याला आता सर्वत्र होमस्टे म्हणतात. त्यात यजमान कुटुंब स्वतः राहत असते आणि पाहुणा त्याच छपराखाली, त्याच चुलीवरचे खातो, हे त्याचे हॉटेलपासूनचे वेगळेपण होय. जुन्या घरांच्या भिंती कुडाच्या, म्हणजे कारवीच्या काठ्या उभ्या-आडव्या बांधून त्यावर शेणमाती लिंपलेल्या असत. साधारण सात-आठ वर्षांनी एकदा फुलणारे हे झुडूप या उतारांवर विपुल आहे. आता विटा-सिमेंट आणि पत्रा आला असला, तरी पुढची पडवी पाहुण्यांसाठी आणि मागची चूल घरच्या बाईसाठी, ही मांडणी टिकून आहे. ताटात नागलीची किंवा तांदळाची भाकरी, हुलग्याचे किंवा वालाचे कालवण, ठेचा आणि भात असतो, आणि पावसाळ्यात कुर्डू, भारंगी, करटुली अशा रानभाज्या येतात. घाटमाथ्यावरील शेती राबाची आहे. राब म्हणजे भात व नागलीची रोपे टाकण्यापूर्वी ती जागा शेण, पालापाचोळा आणि डहाळ्या पसरून भाजून घेण्याची पद्धत. अशा शेतीत टिकून राहिलेल्या देशी वाणांचे मोल ओळखून त्यांची बियाणे बँक उभारणाऱ्या राहीबाई पोपेरे याच तालुक्यातील कोंभाळण्याच्या असून, २०२० मध्ये त्यांना पद्मश्री जाहीर झाली. पाहुण्याच्या पानातील भात ही अशा रीतीने घरच्या कष्टाची आणि निवडून जपलेल्या बियाण्याची कमाई असते.

या मुक्कामाला पैसे पडू लागल्याबद्दल जुन्या ट्रेकरांमध्ये एक हळहळ आढळते. पूर्वी देवळात, गुहेत किंवा शाळेच्या ओसरीवर पथारी टाकावी, गावातील कोणीतरी भाकरी आणून द्यावी आणि पैसे पुढे केल्यास हात मागे घ्यावा, असे वर्णन ते करतात, आणि ते खोटे नाही. परंतु पाहुणचाराची रीत परतफेडीच्या शक्यतेवर उभी असते. सोयरा आज जेवून जातो आणि उद्या जेवू घालतो. शहरातील सदनिकेत साम्रदचा माणूस हक्काने मुक्कामाला आला, असे क्वचितच घडले, आणि त्यामुळे ती रीत या बाबतीत एकाच बाजूने चालत राहिली. शिवाय हात मागे घेणारा बहुधा घरचा पुरुष होता. ज्या बाईने त्या भाकरीसाठी नागली दळली, लाकूडफाटा आणला आणि उन्हाळ्यात लांबून पाणी वाहिले, तिला कोणी विचारलेच नव्हते. पाहुण्याला पाहुणचार फुकट मिळाला, तरी तो कोणाला फुकट पडला नव्हता. दर ठरल्याने ‘पाव्हणं’ हा शब्द नाहीसा झाला नाही. पाण्याच्या हंड्याचा आणि भाकरीच्या पिठाचा हिशोब तेवढा प्रथमच उजेडात आला.

अर्थात, दर ठरणे आणि तो चुलीपर्यंत पोहोचणे यांत बरेच अंतर असते. ट्रेकची जाहिरात, नोंदणी आणि पैसे स्वीकारणे हे शहरात होते, आणि घरमालकाला माणशी जेवणाचा व झोपण्याचा ठरीव आकडा मिळतो. गटाने येणाऱ्या गिऱ्हाइकांचा ओघ ज्याच्या हाती, त्याच्या शब्दाने तो आकडा खाली येतो, आणि ज्या घराशी आयोजकाची ओळख आहे त्यालाच शनिवारी गर्दी, तर शेजारच्या घरी शुकशुकाट, असे चित्र तयार होते. लडाखमध्ये हिमबिबट्याच्या संरक्षणाशी जोडून या शतकाच्या सुरुवातीला सुरू झालेल्या होमस्टेंनी या प्रश्नाला पाळीचे उत्तर शोधले: पाहुणे एकामागून एक घरांत क्रमाने पाठवायचे आणि उत्पन्नाचा काही भाग गावाच्या सामायिक निधीत टाकायचा. अकोल्याच्या डोंगरी भागाला अशा व्यवस्थेसाठी कायद्याचा एक आधार आधीच आहे. हा भाग अनुसूचित क्षेत्रात येतो, आणि महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ३६ अ नुसार आदिवासीची जमीन जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीवाचून बिगर-आदिवासीच्या नावे होऊ शकत नाही. म्हणजे बाहेरच्या भांडवलाने येथे जमिनी घेऊन सरसकट रिसॉर्ट उभारण्याच्या वाटेत अडथळा आहे. मात्र जमीन गावाकडे राहून गिऱ्हाईक शहराकडे राहिले, तर मालकी कागदावर उरते आणि नफा खाली वाहून जातो. भंडारदऱ्याच्या पाण्याचा अनुभव असलेल्या गावाला हे वेगळे समजावून सांगण्याची गरज नाही.

मे महिन्याच्या अखेरीपासून पाऊस स्थिरावेपर्यंतचे काही आठवडे या प्रश्नाला आणखी एक बाजू देतात. त्या काळात हिरडा, बेहडा, सादडा अशा झाडांवर काजव्यांचे थवे चमकू लागतात आणि ते पाहण्यासाठी वाहनांच्या रांगा लागतात. काजव्याची चमक हा नर-मादीमधील इशारा असतो. मोटारीचे दिवे, विजेऱ्या आणि मोबाइलचे प्रकाशझोत तो इशारा पुसून टाकतात आणि त्यामुळे मीलनात खंड पडतो. थोड्याच रात्रींत वर्षाची कमाई करण्याची घाई यजमानाला, आणि सारे एका रात्रीत पाहून घेण्याची घाई पाहुण्याला असली, की ज्यासाठी पाहुणा आला तेच विझू लागते. याउलट लहान गटाने चालत येऊन, घरी मुक्काम करून, वाटाड्याच्या मागे विजेरी बंद ठेवून रान पाहणारा ट्रेकर वर्षभर थोडाथोडा येऊ शकतो. मजुरीसाठी गाव सोडण्याचे दिवस कमी करायचे असतील, तर गावाला उपयोग अशाच पाहुण्याचा आहे.

दुसऱ्या दिवशी सकाळी साम्रदजवळची सांधण पाहून ही भ्रमंती संपते. सांधण म्हणजे भेग. सुमारे दोन किलोमीटर लांबीची ही अरुंद घळ दोन्ही बाजूंच्या उंच कातळभिंतींमधून कोकणाच्या दिशेने उतरत जाते, आत ऊन फार थोडा वेळ पोहोचते, आणि पावसाळ्यात ती पाण्याच्या लोंढ्याची वाट असल्याने तेव्हा तिच्यात कोणीही उतरत नाही. तिच्या शेजारून करोळी घाटाची जुनी वाट खाली शहापूर तालुक्यातील डेहण्याकडे जाते. मोटाररस्ते झाल्यापासून अशा घाटवाटांवरून बाजाराला जाणारे पाऊल दुर्मीळ झाले आहे, आणि न चाललेली वाट एकदोन पावसाळ्यांतच गवत व करवंदीच्या जाळ्यांखाली जाते, हे डोंगरात सर्वांना ठाऊक आहे. ट्रेकरची पावले ती उघडी ठेवू शकतात, पण कोठे वळायचे हे सांगणारा माणूस बागायतीतील मजुरीसाठी घर बंद करून गेलेला असेल, तर उघड्या वाटेलाही ढोरवाटेपासून वेगळे ओळखणारे कोणी उरत नाही. ट्रेक ठरवताना आयोजकाला माणशी दर किती हे सर्वच विचारतात; त्यापैकी चुलीपाशी किती पोहोचतात, हेही त्याच दमात विचारले गेले, तर तो माणूस घरी सापडण्याची शक्यता वाढेल.