बुधवारी गंगेवर जा, पण फोन लगेच काढू नका

बुधवार आला की गोदाघाटावरच्या आठवडे बाजाराची एखादी रील तुमच्या फोनवर येतेच. लाल मिरच्यांचा ढीग, तराजू, गर्दी आणि वर एखादं ट्रेंडिंग गाणं. तीस सेकंद भारी वाटतं. पण त्यात माल दिसतो, माणूस दिसत नाही.

गौरी पटांगणावर पथारी टाकणाऱ्या मावशी कुठल्या गावाहून येतात? त्यांची ठरलेली जागा कुणी ठरवली? उरलेल्या भाजीचं संध्याकाळी काय होतं? गंगापूर धरणातून पाणी सोडलं आणि ते दुतोंड्या मारुतीच्या अंगावर चढायला लागलं, की त्या बुधवारची कमाई कोण भरून देतं? डॉक्युमेंट्री करायची, तर हे विचारावं लागेल.

आणि ते आत्ताच विचारावं लागेल. २०२७ चा सिंहस्थ समोर आहे. अशा वेळी घाटावरच्या इंच न् इंच जागेचा हिशेब होतो. २०१४ च्या पथविक्रेता कायद्यात एक महत्त्वाची तरतूद आहे: पन्नास वर्षांहून जुना नैसर्गिक बाजार वारसा बाजार म्हणून जाहीर करावा आणि तिथल्या विक्रेत्यांना हलवू नये. पण बाजार किती जुना, हे दाखवायचं कशावरून? पथारीला सातबारा नसतो. तुमच्या आजीच्या अल्बममधला फोटो, म्हाताऱ्या विक्रेत्याची तारीख टाकून रेकॉर्ड केलेली मुलाखत, हे सगळं उद्या पुरावा म्हणून कामी येऊ शकतं.

त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'आधी मटाराच्या रोपाची वाढ चित्रित केली होती. त्यासाठी रोज त्याच कुंडीसमोर कॅमेरा लावावा लागला. तुम्हीही एकाच पथारीपाशी सलग दहा बुधवार जा. पहिले दोन बुधवार फोन खिशातच राहू द्या. ओळख झाली की विचारून शूट करा. कुणी नको म्हटलं, तर विषय संपला. धंद्याच्या ऐन वेळी गिऱ्हाइकाच्या आणि त्यांच्या मध्ये उभे राहू नका. फिल्म तयार झाली की सगळ्यात आधी त्यांनाच दाखवा.

मग एक प्रत तारखेसह कॉलेजच्या लायब्ररीत ठेवा. उद्या कुणी 'हा बाजार इथे कधीपासून भरतो?' असं विचारलं, तर उत्तर नाशिकमध्येच सापडायला हवं.