विचारल्याशिवाय फोनमध्ये शिरणारी ॲप्स

फोनच्या पडद्यावर एखादं अनोळखी ॲप दिसलं की घरात पहिली चौकशी होते ती मुलांची. मुलं कानांवर हात ठेवतात. मग मीरा रोडच्या शांतीनगरात किंवा भाईंदरच्या स्टेशन रोडवर ओळखीच्या मोबाइलवाल्याकडे फोन नेला जातो. तो चुटकीसरशी ते ॲप काढून देतो, बहुतेकदा पैसेही घेत नाही. पुढे कधीतरी फोनचा अपडेट येतो आणि त्या जागी दुसरंच काहीतरी येऊन बसतं. कधी गेम, कधी खरेदीचं ॲप, कधी झटपट कर्जाचं. मुलांनी ते टाकलेलं नसतं, घरातल्या कुणीच टाकलेलं नसतं. ते तिथे पोचवण्याचे पैसे मात्र कुणाला तरी मिळालेले असतात.

हे घडतं कसं, ते आधी समजून घ्यायला हवं. अँड्रॉइड फोनमध्ये एक साधं ॲप दुसरं ॲप गुपचूप टाकू शकत नाही. पडद्यावर विचारणा येते आणि आपण ‘इन्स्टॉल’ दाबलं तरच पुढचं काम होतं. ही विचारणा टाळण्याची मुभा सिस्टिम ॲपला असते, म्हणजे फोन कारखान्यातून निघतानाच त्यात बसवलेल्या, खास परवानगीच्या ॲपला. प्ले स्टोअरला ती मुभा आहे म्हणूनच आपण झोपेत असताना ॲप्स अपडेट होतात. फोन बनवणारी किंवा सिम देणारी कंपनी तीच मुभा एखाद्या जाहिरात कंपनीच्या ॲपला देते, तेव्हा घराची किल्ली तिसऱ्याच माणसाच्या हाती जाते.

अमेरिकेत हा धंदा उघडपणे चालतो. टेक्सासमधल्या ऑस्टिनची डिजिटल टर्बाइन ही कंपनी ‘इग्नाइट’ नावाचं असं सॉफ्टवेअर मोबाइल कंपन्यांना पुरवते. फोनमध्ये ते ‘डीटी इग्नाइट’ किंवा ‘मोबाइल सर्व्हिसेस मॅनेजर’ अशा सरकारी थाटाच्या नावाने बसतं, त्यामुळे ते काढण्याचं धाडस कुणी करत नाही. 2014 च्या अखेरीस व्हेरायझन आणि टी-मोबाइलच्या ग्राहकांनी त्याविरुद्ध आरडाओरडा सुरू केला. पुढे व्हेरायझन जाहिरातदारांना दर फोनमागे एक-दोन डॉलर घेऊन त्यांचं ॲप ग्राहकाच्या फोनवर बसवून द्यायला तयार असल्याच्या बातम्याही आल्या. तिकडे फोन मोबाइल कंपनीकडूनच हप्त्यांवर घेतात, म्हणून कंपनीचा हात फोनच्या आत पोचतो.

आपल्याकडे फोन वेगळा घेतात आणि सिम वेगळं. मोबाइल कंपनीनेच फोन विकण्याचे प्रयोग इथेही झाले. रिलायन्स इन्फोकॉमने 2003 च्या ‘मान्सून हंगामा’त 501 रुपये भरून फोन हाती दिला, त्यात ‘आर वर्ल्ड’चा मेनू आधीच होता. 2017 मध्ये 1500 रुपयांच्या अनामतीवर जिओफोन आला, तोही जिओच्या ॲप्सनी भरलेला. बाकी बाजारात सिम कंपनीचा शिरकाव सिमपुरताच राहिला. नवं सिम टाकल्यावर कंपनीचं ॲप घेण्याची सूचना येते, पण निदान तिथे विचारणा तरी होते. विचारणेशिवाय ॲप टाकण्याचं काम भारतात मुख्यतः फोन कंपन्यांनी उचललं.

त्यातलं सर्वांत परिचित नाव ‘ॲपक्लाउड’. सॅमसंगच्या ए आणि एम मालिकेतल्या, म्हणजे आपल्याकडे सर्वाधिक परवडणाऱ्या फोनमध्ये ते आढळतं. फोन सुरू केला की थोड्या वेळाने ‘सेटअप पूर्ण करा’ अशी नोटिफिकेशन येते, ती सहजी हटत नाही, आणि उघडली की ॲप्सची यादी समोर येते. हे सॉफ्टवेअर मूळ इस्रायलच्या आयर्नसोर्स कंपनीचं. 2022 मध्ये ती अमेरिकेच्या युनिटी कंपनीत विलीन झाली. मे 2025 मध्ये लेबनॉनच्या ‘स्मेक्स’ या डिजिटल हक्कांच्या संस्थेने सॅमसंगला जाहीर पत्र लिहून ॲपक्लाउड काढून टाकण्याचा सोपा मार्ग मागितला. भारतात इतकी वर्षं तेच ॲप तशाच फोनमध्ये आहे, पण असं पत्र इथल्या कुठल्या मोठ्या ग्राहक संघटनेने लिहिल्याचं ऐकिवात नाही. ही उणीव कुणीतरी भरून काढायला हवी.

यात मोबाइल दुकानाच्या काउंटरवर काय घडतं ते फार महत्त्वाचं आहे. ग्राहक दहा-बारा हजारांचा फोन पसंत करतो. दुकानदार सील तोडतो, सिम बसवतो, जुन्या फोनमधले नंबर नव्यात घेतो, काच चिकटवतो, कव्हर चढवतो. हे चालू असताना पडद्यावर एकामागून एक पानं येत असतात: अटी, गोपनीयता, जाहिरातींसाठी माहिती वापरण्याची परवानगी, सुचवलेली ॲप्स. त्या यादीत प्रत्येक ॲपसमोर बरोबरची खूण बहुतेकदा आधीच केलेली असते. नको असेल तर एकेक खूण काढावी लागते आणि दुकानात पुढचं गिऱ्हाईक उभं असतं. दुकानदाराचा अंगठा ‘नेक्स्ट, नेक्स्ट, ॲग्री’ करत खाली सरकतो. फोन ग्राहकाचा आणि माहितीही ग्राहकाची, पण होकार दिला दुकानदाराने. पुढची दोन-तीन वर्षं तोच होकार ग्राहकाच्या नावावर चालतो.

शिवाय ही पानं इथे बहुतेकदा इंग्रजीत उघडतात. मीरा-भाईंदरची वस्ती 2011 च्या जनगणनेतच आठ लाखांच्या वर गेली होती आणि घराघरांत मराठी, गुजराती, मारवाडी, हिंदी, उर्दू बोलली जाते. उत्तन-पालीच्या नाखव्याला समुद्रावर जाण्याआधी हवामानाचा इशारा फोनवर बघायचा असतो. स्टीलच्या कारखान्यातल्या कामगाराला पाळीचा मेसेज आणि गावी पाठवलेल्या पैशांची पोच फोनवरच मिळते. अशा फोनची साठवण मुळात कमी, त्यात ‘स्टोरेज फुल’ची सूचना आली की माणूस घरचे फोटो आणि व्हिडिओ पुसून जागा करतो. जी ॲप्स त्याने कधी मागितलीच नव्हती, ती तशीच राहतात.

मोबाइल कंपन्यांना या बाबतीत आवर घालता येत नाही असं कुणी म्हणेल, तर त्याने कॉलर ट्यूनचा इतिहास आठवावा. एके काळी घरोघरी एकच तक्रार होती: न मागता गाणं चालू झालं आणि बॅलन्स कटला. कधी क्रिकेटचा स्कोअर, कधी राशिभविष्य, कधी विनोद. पडद्यावर अचानक एक चौकट यायची, ती घालवण्याच्या नादात ‘ओके’ दाबलं जायचं आणि रोजचे पैसे कापले जायला लागायचे. दूरसंचार नियामक प्राधिकरणाने, म्हणजे ट्रायने, 2011 मध्ये आणि पुन्हा 10 जुलै 2013 च्या आदेशाने नियम घातला की एकदा मागणी नोंदली तरी ग्राहकाकडून दुसऱ्यांदा स्पष्ट होकार घेतल्याशिवाय अशी सेवा सुरू करता येणार नाही. सेवा बंद करण्यासाठी सगळ्या कंपन्यांना मिळून 155223 हा एकच नि:शुल्क क्रमांक ठरला. तक्रारी एका दिवसात थांबल्या नाहीत, पण ‘तुम्हीच ओके दाबलंत’ हे कंपनीचं उत्तर पुरेसं राहिलं नाही.

दुसरं उदाहरण याहून गंभीर आहे. 2017 मध्ये आधारला सिम जोडण्याची धावपळ चालू होती. एअरटेलच्या ग्राहकांनी सिमसाठी बोटांचे ठसे दिले आणि त्यांतल्या अनेकांची त्यांच्या नकळत एअरटेल पेमेंट्स बँकेत खाती उघडली गेली. गॅसची सबसिडी नेहमीच्या बँकेऐवजी त्या खात्यांत जमा होऊ लागली. 16 डिसेंबर 2017 रोजी आधार प्राधिकरणाने एअरटेल आणि तिच्या बँकेची ई-केवायसी सुविधा स्थगित केली. एअरटेलला सबसिडीचे 190 कोटी रुपये परत करावे लागले. मार्च 2018 मध्ये रिझर्व्ह बँकेने या बँकेला 5 कोटींचा दंड केला, तो स्पष्ट संमतीशिवाय खाती उघडल्याबद्दलच. एका कामासाठी दिलेला होकार दुसऱ्या कामाला वापरला, एवढाच तो गुन्हा होता आणि तो पुरेसा मोठा मानला गेला. नव्या फोनच्या सेटअपमध्ये याहून निराळं काय होतं?

मग खुद्द सरकारनेच विचारल्याशिवाय ॲप टाकण्याचा मार्ग धरला, त्याची नोंद घ्यावीच लागेल. 28 नोव्हेंबर 2025 रोजी दूरसंचार विभागाने फोन कंपन्यांना आदेश दिला की भारतात विकल्या जाणाऱ्या प्रत्येक नव्या फोनमध्ये 90 दिवसांच्या आत ‘संचार साथी’ हे सरकारी ॲप आधीच बसवलेलं असावं, आणि दुकानात पोचलेल्या फोनमध्ये ते अपडेटमधून टाकावं. त्याची कार्यं बंद किंवा मर्यादित केली जाऊ नयेत, असंही आदेशात होतं. गदारोळ झाल्यावर दूरसंचारमंत्री ज्योतिरादित्य शिंदे यांनी नको असेल तर ॲप काढून टाका असं सांगितलं आणि 3 डिसेंबरला सक्तीच मागे घेण्यात आली.

संचार साथी हे ॲप वाईट नाही. फोन हरवला किंवा चोरीला गेला तर तो बंद करता येतो, आपल्या नावावर किती सिम चालू आहेत ते कळतं. लोकलच्या गर्दीत मीरा रोड आणि भाईंदरच्या किती प्रवाशांचे फोन जातात, हे इथे सांगायची गरज नाही, आणि ते परत मिळवून देण्यात या यंत्रणेचा पोलिसांना मोठा उपयोग होतो. म्हणूनच ते लोकांनी स्वतःहून घ्यायला हवं. चांगल्या कामासाठीसुद्धा विचारल्याशिवाय ॲप टाकण्याची वाट सरकारने एकदा पाडली, की त्याच वाटेने येणाऱ्या जाहिरातदाराला अडवायला सरकारपाशी तोंड राहत नाही. सक्ती मागे घेतली हे बरं झालं. अडचण एवढीच की सरकारी ॲपसाठी जो आवाज उठला, त्याच्या निम्मासुद्धा आवाज खासगी ॲप्सविरुद्ध उठत नाही.

इतर देशांनी हा प्रश्न ॲप काढून टाकण्याच्या हक्काच्या बाजूने हाताळला. दक्षिण कोरियाने 2014 मध्येच आधी बसवलेली ॲप्स ग्राहकाला काढता आली पाहिजेत असा दंडक घातला. 2015 मध्ये शांघायच्या ग्राहक संरक्षण आयोगाने सॅमसंग आणि ओप्पोला कोर्टात खेचलं. ओप्पोच्या एका फोनमध्ये आधीच बसवलेली तब्बल 71 ॲप्स निघाली होती. पुढे चीननेही तसा नियम केला. युरोपीय संघाच्या डिजिटल मार्केट्स कायद्याने मार्च 2024 पासून बड्या कंपन्यांवर तेच बंधन आलं. थायलंडमध्ये जानेवारी 2025 मध्ये ओप्पो आणि रिअलमीच्या फोनमध्ये कर्ज देणारी ॲप्स आधीच बसवलेली सापडली, तेव्हा कंपन्यांना माफी मागून ती थांबवावी लागली.

भारतात स्पर्धा आयोगाने 20 ऑक्टोबर 2022 रोजी गूगलला 1337.76 कोटींचा दंड केला. आपली ॲप्स ग्राहकाला काढू द्या, असाही आदेश त्यात होता. 29 मार्च 2023 रोजी अपिलीय न्यायाधिकरणाने दंड कायम ठेवला, पण नेमका हा आदेश रद्द केला. साध्या ग्राहकाच्या थेट हाती लागेल अशी ही गोष्ट होती, तीच गेली, याचं वाईट वाटतं.

तोवर घरच्या घरी करण्यासारखं बरंच आहे. नवा फोन घेतला की दुकानात फक्त सिम चालतंय का ते बघावं आणि सेटअप घरी, भाषा मराठी निवडून, सावकाश करावा. सुचवलेल्या ॲप्सच्या यादीतल्या सगळ्या खुणा काढाव्यात. आधीच घेतलेल्या फोनमध्ये सेटिंग्जमधल्या ‘ॲप्स’मध्ये जाऊन सिस्टिम ॲप्स दाखवण्याचा पर्याय चालू करावा आणि ‘ॲपक्लाउड’सारखी नावं शोधावीत. ‘अनइन्स्टॉल’ दिसत नसेल तर ‘डिसेबल’ दाबावं, त्याने ॲप जात नाही पण झोपतं. मोठा अपडेट आला की पुन्हा एकदा तपासावं, कारण बंद केलेलं ॲप पुन्हा जागं झाल्याच्या तक्रारी आहेत. ‘हॉट ॲप्स’, ‘हॉट गेम्स’ अशी फोल्डर असतील तर ती उघडूच नयेत, शक्य असेल तिथे सेटिंगमधून बंद करावीत. सिमवरून येणाऱ्या चौकटींसाठी ‘सिम टूलकिट’ हे ॲप उघडून त्यातली सेवा थांबवण्याचा पर्याय शोधावा. बॅलन्स कटत असेल तर 155223 आहेच. फोन कंपनी दाद देत नसेल तर 1915 या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवून क्रमांक घ्यावा.

कायद्याची हत्यारंही आहेत. ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने 30 नोव्हेंबर 2023 रोजी 13 फसव्या क्लृप्त्यांना मनाई केली. असंबद्ध ॲप डाउनलोड करायला भाग पाडणं हे त्यातल्या ‘सक्तीची कृती’ या प्रकारात उदाहरणासह दिलेलं आहे. 2023 च्या वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्यात संमती मोकळी, विशिष्ट, माहितीपूर्ण आणि ग्राहकाच्या स्पष्ट कृतीतून आलेली असावी असं म्हटलं आहे. आधीच केलेली खूण या व्याख्येत बसत नाही. या कायद्याचे नियम नोव्हेंबर 2025 मध्ये निघाले आणि मुख्य तरतुदी अंमलात यायला 18 महिन्यांची मुदत आहे. त्या मुदतीत दूरसंचार विभागाने आणि ट्रायने एक काम करावं: कॉलर ट्यूनसाठी केलेला दोनदा होकाराचा नियम फोनच्या सेटअपला आणि अपडेटला लावावा. कुठलीही खूण आधी नसावी, ॲपचं नाव आणि ते कोणाचं हे मराठीतही दिसावं, आणि दुसरा होकार फोन दुकानातून बाहेर पडल्यानंतर, चोवीस तासांनी मागावा.