टाळ्या पुष्कळ, मास्तर कोठे?

सात वर्षांचे मूल की-बोर्डवर एखादी चाल वाजवते, बाप ती मोबाइलवर टिपतो आणि संध्याकाळपर्यंत किती हजारांनी ती पाहिली याची वार्ता धर्मग्रामात घरोघर पोहोचते. त्या मुलाला स्वरलिपी वाचता येते काय, हे मात्र कुणी विचारीत नाही.

दाखला म्हणून चेन्नईच्या लिडियन नादस्वरमचे नाव पुढे केले जाते. २०१९ साली, अवघ्या १३ व्या वर्षी, त्याने अमेरिकेतील दूरचित्रवाणी स्पर्धेत १० लाख डॉलरचे पारितोषिक जिंकले. त्याच्या पियानोवादनाची चित्रफीत जगभर फिरली. परंतु त्याचे वडील स्वतः संगीतकार आहेत, आणि ए. आर. रहमान यांनी २००८ साली स्थापन केलेल्या संगीत विद्यालयात तो शिकला, हा भाग चित्रफितीत मावत नाही.

शिक्षकावाचून वादक घडत नाही, हे गोव्यातील चर्चने फार पूर्वी ओळखले होते. पोर्तुगीज अमदानीत चर्चला जोडलेल्या शाळांतून गरिबाघरच्या मुलालाही स्वरवाचन आणि व्हायोलिन शिकवले जाई. (छडीही असे, तिचे समर्थन मी करीत नाही.) लिहिलेले स्वर पाहताक्षणी वाजवणारे हे वादक पुढे मुंबईच्या चित्रपटसंगीताचा कणा झाले. माजोर्ड्याच्या चर्चमधील गायनवृंदप्रमुखांचे पुत्र अँथनी गोन्साल्विस १९४३ साली मुंबईत आले. प्यारेलाल त्यांच्याकडे व्हायोलिन शिकले. १९७७ च्या चित्रपटातील ते गाजलेले गाणे आपण प्रत्येक लग्नात नाचून म्हणतो, पण त्यातले नाव एका शिक्षकाचे आहे हे किती जणांना ठाऊक आहे?

आपल्याकडे सणाच्या रोषणाईची वर्गणी आठवड्यात जमते. ऑर्गन वाजवणाऱ्या तरुणाला मासिक मानधन द्यावे म्हटले, की उत्तर येते, “फादर, ती तर देवाची सेवा!” मंडपवाला ही सेवा फुकट करीत नाही.

मोबाइलमुळे आडगावचे मूल प्रकाशात येते, हे मान्य. पण प्रकाशात आलेल्या त्या मुलाला पुढचा धडा देणार कोण? पाहणारे हजारो लोक दुसऱ्या दिवशी दुसऱ्या मुलाकडे वळलेले असतात. २००९ साली गोव्यात सुरू झालेल्या ‘चाइल्ड्स प्ले इंडिया फाउंडेशन’ने वंचित मुलांच्या हाती वाद्ये दिली आणि सोबत शिक्षकही दिले. आपणांस हे अशक्य का वाटावे?

पॅरिश कौन्सिलच्या येत्या सभेत रोषणाईच्या रकमेतून एक पगारी संगीतशिक्षक व चार व्हायोलिने मी मागणार आहे. ज्यांना विरोध करावयाचा असेल त्यांनी जमाखर्चाची वही घेऊन यावे, चित्रफिती नकोत.