‘साहाय्यक’ कोणाचा?

सन २००६ च्या चित्रपटांसाठीं दिलेल्या राष्ट्रीय पुरस्कारांत श्री. दिलीप प्रभावळकर यांस ‘लगे रहो मुन्नाभाई’ व ‘शेवरी’ या चित्रपटांतील कामांबद्दल उत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला, तेव्हां महाराष्ट्रास आनंद झाला. आम्हांसही झाला. परंतु त्यांतील ‘साहाय्यक’ हा शब्द आम्हांस तेव्हांही खटकला व आजही खटकतो. पहिल्या चित्रपटांतून त्यांचे गांधीजी काढून घ्या आणि नायकाजवळ काय उरतें तें पाहा. मग साहाय्य कोणी कोणास केलें?

आमचे कांहीं सुशिक्षित मित्र म्हणतात, हा केवळ वर्गवारीचा प्रश्न आहे. ज्याची भूमिका लांबीनें कमी तो साहाय्यक. ठीक आहे. मग मोजपट्टी लांबीची आहे असें स्पष्ट म्हणावें. तिला गुणांची कसोटी म्हणूं नये. हा भेद कांहीं अनादि नव्हे. हॉलिवुडच्या अकादमीनें १९२९ सालीं नटासाठीं ठेविलेला पहिला पुरस्कार दिला तो एमिल यानिंग्ज या जर्मन नटास. धिप्पाड, प्रौढ असा हा गृहस्थ १९२४ च्या एका मूकपटांत हॉटेलच्या म्हाताऱ्या दरवानाचें काम करून गाजलेला. (पुढें नाझींच्या प्रचारपटांत कामें करून त्यानें आपल्या कीर्तीस काळिमा लाविला, तो भाग निराळा.) साहाय्यक नटांचा निराळा वर्ग त्या अकादमीनें काढला तो १९३७ च्या समारंभापासून.

दुसरा आक्षेप अधिक सूक्ष्म, म्हणूनच अधिक घातक. या नटास स्वतःची मुद्राच नाहीं, तो नुसता बहुरूपी, असें म्हणतात. आम्ही विचारतों, प्रत्येक भूमिकेंत आपलाच चेहरा मिरविणें हा अभिनय केव्हांपासून झाला? ‘हसवाफसवी’त एकाच प्रयोगांत सहा माणसें उभीं करणारा, तें नाटक स्वतःच लिहिणारा, हा मनुष्य. १९९१ च्या ‘चौकट राजा’तील नंदू बुद्धीनें मूलच राहिलेला, अशा भूमिकेंत सामान्य नट प्रेक्षकांपाशीं दयेची भीक मागतो. येथें ती कोठेंही मागितलेली नाहीं. आणि दोनच वर्षांनीं ‘झपाटलेला’तील क्रूर तात्या विंचू! २००१ सालीं, स्वतःची साठी अद्याप उलटलेली नसतां, ते ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ या मालिकेंत आबा झाले. तिला आधार त्यांच्याच ‘अनुदिनी’चा. टिपऱ्यांच्या घरची बोली आमची नागपुरी नव्हे. तरी कोराडीस, वीजकेंद्राच्या परिसरांतील घरांत, आबा कोणास परके वाटले नाहींत. हें ज्यास साधतें त्यास मुद्रा नाहीं म्हणावयाचें काय?

दूरदर्शनवरील कामास हलकें लेखण्याची खोडही याच कुळांतली. तिच्याबद्दल अधिक लिहिण्यांत अर्थ नाहीं.

२०२५ सालीं ‘दशावतार’ आला. एक्याऐंशी वर्षांचे प्रभावळकर त्यांत केंद्रस्थानीं होते. तो पाहून आमचा एक हुशार विद्यार्थी कौतुकानें म्हणाला, “सर, अखेर नायक झाले!” अखेर? मुंबई दूरदर्शनवर चिं. वि. जोशींचा चिमणराव त्यांनींच केला होता; तो काय आपल्याच घरीं पाहुणा म्हणून आला होता?